स्पेडे पासानेन : निर्मात्याचे स्वातंत्र्य आणि विनोदाची घडण

१

लोकप्रिय विनोदाचा विचार करताना समीक्षा बहुधा दोन टोकांपैकी एका टोकाला जाऊन उभी राहते. एक तर प्रेक्षकसंख्या हाच गुणवत्तेचा पुरावा मानला जातो, नाही तर तीच संख्या अभिरुचीच्या ऱ्हासाचे लक्षण ठरविली जाते. ह्या दोन्ही भूमिकांत कृतीच्या घडणीचा विचार मात्र राहून जातो. फिनलंडमधील दूरचित्रवाणीचे व चित्रपटांचे निर्माते, दिग्दर्शक आणि नट पेर्ट्टी ऊर्फ स्पेडे पासानेन (१९३०–२००१) यांच्या कारकीर्दीच्या संदर्भात ही उणीव विशेष जाणवते. त्यांच्या चित्रपटांना प्रेक्षक लोटत असत आणि वृत्तपत्रीय समीक्षक त्यांची हेटाळणी करीत असत. हा प्रकार काही दशके चालला. त्यांच्या विनोदाची घडण त्यांच्या निर्मितिपद्धतीतून कशी सिद्ध झाली, आणि त्याच पद्धतीने त्या विनोदाला मर्यादा कशा घातल्या, एवढाच प्रश्न प्रस्तुत लेखात विचारात घ्यावयाचा आहे.

२

प्रथम परिस्थिती ध्यानात घेतली पाहिजे. फिनलंडमध्ये सार्वजनिक प्रसारणसंस्था यूलेइस्राडिओ हिची नियमित दूरचित्रवाणी १९५८ मध्ये अधिकृतपणे सुरू झाली. तत्पूर्वी, १९५७ मध्येच, माइनोस-टीव्ही ही जाहिरातींवर चालणारी कंपनी स्थापन झाली होती. तिला स्वतःची वाहिनी नव्हती. सार्वजनिक संस्थेच्या वाहिनीवर भाड्याने वेळ घेऊन ती आपले कार्यक्रम दाखवीत असे. स्वतंत्र वाहिनी तिला १९९३ मध्ये मिळाली. लोकशिक्षण आणि व्यापार अशी दोन कुळे एकाच छपराखाली नांदत होती, असे ह्या व्यवस्थेचे वर्णन करता येईल.

१९६५ ते १९६९ ह्या काळात एइनो एस. रेपो हे यूलेइस्राडिओचे महासंचालक होते. त्यांच्या कारकीर्दीत माहितीप्रधान कार्यक्रमनीतीचा पुरस्कार झाला. नागरिकाला जगाचे यथार्थ ज्ञान करून देणे हे प्रसारणाचे पहिले कर्तव्य होय, अशी ह्या नीतीची धारणा होती. ही धारणा हीन नव्हती. परंतु निव्वळ हसविणाऱ्या कार्यक्रमाचे समर्थन कोणत्या तत्त्वावर करावयाचे, हा प्रश्न तिच्यामुळे अधिक अवघड झाला, हेही खरे.

चित्रपटसृष्टीत याच सुमारास मोठी पडझड चालू होती. १९६३ ते १९६५ नटांचा संप चालला. १९६५ मध्ये सुओमेन फिल्मितेओल्लिसूस ही मोठी कंपनी दिवाळखोरीत गेली. जुन्या चित्रशाळांची सद्दी संपली आणि १९६९ मध्ये राज्याच्या साहाय्याने चालणारे चित्रपट-प्रतिष्ठान स्थापन झाले. यापुढे गंभीर चित्रपटाचा आधार ते प्रतिष्ठान होणार होते. पासानेन यांनी आपला आधार अन्यत्र शोधला.

३

कुओपिओ येथे जन्मलेले पासानेन नभोवाणीवरील विनोदी कार्यक्रमांतून पुढे आले. १९६४ मध्ये रिस्तो यार्वा आणि याक्को पाक्कासविर्ता यांच्यासह त्यांनी ‘एक्स-पारोनी’ हा चित्रपट दिग्दर्शित केला व त्यात दुहेरी भूमिका केली. यार्वा हे पुढे फिनलंडच्या नव्या चित्रपटाचे एक अग्रणी ठरले. लोकप्रिय विनोद आणि नवा चित्रपट ह्यांची वाट आरंभी एकच होती. त्यांच्यामधील भिंत नंतर उभी राहिली, हे ह्या सहकार्यावरून दिसून येते.

त्यानंतर युक्का वीर्तानेन आणि एरे कोक्कोनेन हे दिग्दर्शक, तसेच वेसा-मत्ती लोइरी आणि सिमो साल्मिनेन हे नट यांचा एक लहानसा संच त्यांच्याभोवती जमला. वीर्तानेन यांनी दिग्दर्शित केलेले ‘पॅह्कॅहुल्लु सुओमी’ (१९६७) व ‘नोइन ७ वेल्येस्तॅ’ (१९६८) हे चित्रपट ह्याच संचाचे. दूरचित्रवाणीवरील ‘स्पेडे शो’ ही ह्या मंडळींची प्रयोगशाळा होती. पासानेन स्वतःच्या कंपनीतर्फे माइनोस-टीव्हीसाठी कार्यक्रम तयार करीत आणि चित्रपटांचा खर्च बहुतांशी स्वतःच उभा करीत. कार्यक्रमातून पैसा, पैशातून चित्रपट, आणि चित्रपटासाठी लागणारी पात्रेही पुन्हा कार्यक्रमातूनच, असे हे चक्र होते. दूरचित्रवाणी त्यांच्यासाठी जसा रंगमंच होती, तशीच ती भांडवलही होती.

ह्या काटकसरीचा परिणाम घडणीवर झालेला दिसतो. ‘हिर्त्तॅमॅत्तॉमॅत’ (१९७१) हा पासानेन व लोइरी यांनी मिळून दिग्दर्शित केलेला चित्रपट म्हणजे अमेरिकन पाश्चिमात्य-पटांचे विडंबन होय. एका फरारी गुन्हेगाराला बक्षिसाच्या आशेने फाशीच्या दिशेने नेणारे दोघेजण आणि उजाड वाळूचा प्रदेश, एवढ्यावर तो उभा आहे. घोडदळे, नगरे, गर्दी ह्यांचा अभाव येथे उणीव म्हणून जाणवत नाही. भव्यतेच्या अभावानेच भव्यतेचे विडंबन साधते. दूरचित्रवाणीवरील छोट्या प्रहसनाचे शास्त्र, म्हणजे मोजकी पात्रे, एक कल्पना आणि तिची ताणता येईल तेवढी ताणलेली पुनरावृत्ती, येथे पूर्ण लांबीच्या कृतीला पुरले आहे.

४

तथापि पासानेन यांचे नाव मुख्यतः निगडित आहे ते ऊनो तुर्हापुरो ह्या पात्राशी. ‘स्पेडे शो’मधील प्रहसनांत लोइरी यांनी साकारलेले हे पात्र १९७३ मध्ये कोक्कोनेन यांनी दिग्दर्शित केलेल्या कृष्णधवल चित्रपटातून पडद्यावर आले. ‘तुर्हा’ म्हणजे व्यर्थ आणि ‘पुरो’ म्हणजे ओढा. नावातच स्वभाव सांगितला आहे. फाटकी जाळीदार बंडी, वाढलेली दाढी, पडलेले दात, अमर्याद भूक आणि तितकाच अमर्याद आळस ही त्याची लक्षणे. बायको एलिसाबेथ श्रीमंताघरची, सासरा मोठा उद्योगपती. हर्स्की-हार्तिकाइनेन (स्वतः पासानेन) आणि सॉर्सेल्सॉन (साल्मिनेन) हे मोटारदुरुस्ती करणारे त्याचे मित्र.

संस्कृत नाटकातील विदूषकही खादाड असतो. पण विदूषक नायकाच्या आश्रयाने राहतो. ऊनो कोणाचाच आश्रित नाही. तो सासऱ्याचे अन्न खातो, परंतु सासऱ्याच्या मूल्यांना मान देत नाही. शिवाय मनात आणले तर त्याला काहीही जमते, आणि अखेरीस विजय बहुधा त्याचाच होतो. कष्ट, काटकसर आणि पदव्या ह्यांवर उभ्या असलेल्या समाजाला हे पात्र जे सांगते ते कोणत्याही प्रबंधाहून बोचक आहे : तुमच्या प्रतिष्ठेच्या शिड्या न चढताही माथ्यावर पोचता येते. १९७६ च्या चित्रपटाच्या नावातील ‘यूकेके’ ही अक्षरे त्या वेळचे राष्ट्राध्यक्ष ऊर्हो केक्कोनेन यांची आद्याक्षरे होत. ह्या थट्टेचा रोख किती वरपर्यंत जात होता हे त्यावरून कळते.

१९८४ मधील सैनिकी जीवनावरील तुर्हापुरो-चित्रपट साडेसात लाखांहून अधिक प्रेक्षकांनी पाहिला. देशाची लोकसंख्या तेव्हा पन्नास लाखांच्या आत होती. हा आकडा गुणवत्ता सिद्ध करीत नाही. परंतु एवढ्या लोकांना अभिरुचिहीन म्हणून बाजूला सारणाऱ्या समीक्षेने स्वतःचे काम टाळले, असे म्हणावे लागते.

५

उलट पक्षी, ह्या कारकीर्दीतील दोष झाकण्याचे कारण नाही. मालिकेतील उत्तरकालीन चित्रपट हे बव्हंशी सैल प्रहसनांच्या माळा आहेत. एलिसाबेथच्या वाट्याला तक्रार आणि क्षमा ह्यांपलीकडे फारसे काही येत नाही. दहा मिनिटांच्या प्रवेशात जी पुनरावृत्ती हास्यकारक ठरते, ती वर्षानुवर्षांच्या मालिकेत सवय बनते. ह्याचे मूळ लोकानुनयात शोधले जाते. माझ्या मते ते निर्मितिपद्धतीत आहे. भांडवल, कल्पना, अभिनय आणि अखेरचा निर्णय ह्यांचे सूत्र एकाच हाती असल्यावर ‘हे पुरे झाले’ असे सांगणारा कोणी उरत नाही. ज्या स्वातंत्र्याने ‘हिर्त्तॅमॅत्तॉमॅत’ शक्य केला, त्याच स्वातंत्र्याने पुढील शैथिल्यालाही वाट करून दिली.

ह्या शैथिल्याच्या काळातही त्यांच्या प्रतिभेचा एक अंश ताजा राहिला होता. ‘स्पेडेन स्पेलित’ (१९८८–२००२) ह्या खेळांच्या कार्यक्रमात तो दिसतो. पासानेन हे हौशी संशोधकही होते, आणि त्यांची यंत्रे येथे विनोदाच्या सेवेला आली. त्यातील वेगचाचणीत चार बटणांचे दिवे वाढत्या गतीने लागत, आणि स्पर्धकाने ते त्याच क्रमाने दाबावयाचे असत. आरंभीचा आत्मविश्वास, मग घाई आणि शेवटी उडणारी तारांबळ : संवादाचा एकही शब्द नसता येथे प्रहसनाचे तिन्ही टप्पे पूर्ण होतात. विनोद हा मूलतः कालमापनाचा प्रश्न आहे, हे त्यांना ठाऊक होते. २००१ मध्ये त्यांचा मृत्यू झाला.

पासानेन यांना उशिरा का होईना प्रतिष्ठा मिळाली, ह्यात समाधान मानून थांबणे पुरेसे नाही. पूर्वीची हेटाळणी आणि नंतरचा गौरव ह्या दोहोंत कृती दूरच राहू शकते. पैसा कोठून आला, निर्णय कोणी घेतला आणि त्याचा ठसा रचनेवर कसा उमटला, हे प्रश्न दूरचित्रवाणीच्या अभ्यासकाने प्रत्येक कार्यक्रमाला विचारले पाहिजेत. मनोरंजनाला ते विचारण्याइतके महत्त्व देणे, हाच त्याचा खरा सन्मान होय.