एक तारखेचा शुक्रवार

आमच्या टीममध्ये तारखांच्या कोडला हात लावायला कुणीच तयार नसतं. लीप वर्ष, टाइमझोन, महिनाअखेर... एकीकडे दुरुस्त करावं तर दुसरीकडे काहीतरी फुटतं. त्यामुळे टोल्किनच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या शेवटी असलेलं कालगणनेचं परिशिष्ट मी पहिल्यांदा वाचलं, तेव्हा मला चक्क हेवा वाटला.

शायरमधल्या हॉबिटांचं कॅलेंडर असं आहे: ३० दिवसांचे १२ महिने, म्हणजे ३६०. उरलेले ५ दिवस कुठल्याच महिन्यात नाहीत. दोन हिवाळ्यातल्या सणाचे, तीन ऐन उन्हाळ्यातले. त्या तिनांतल्या मधल्या दिवसाला वारच नाही. तो वगळला की राहतात ३६४, म्हणजे बरोबर ५२ आठवडे. लीप वर्षाच्या जादा दिवसालाही वार नाही. परिणामी दर वर्षी त्याच तारखेला तोच वार! शिवाय कुठलाच महिना शुक्रवारी सुरू होत नाही. म्हणून अशक्य गोष्टींबद्दल बोलताना हॉबिट गमतीने म्हणतात, हे 'एक तारखेच्या शुक्रवारी' होईल. म्हणजे डुकरं उडतील तेव्हा, किंवा झाडं चालतील तेव्हा.

या जगात कालगणनेवर ग्रंथ लिहिणारा एक अभ्यासकही आहे. तो कोण हे सांगितलं की फक्त चित्रपट पाहिलेले मित्र हसतात. तो म्हणजे मेरी, मेरिअडॉक ब्रँडीबक. पिपिनबरोबर धांदरटपणा करणारा तोच. त्याच्या 'रेकनिंग ऑफ इयर्स' या ग्रंथात शायर आणि ब्री इथल्या कॅलेंडरांची रिव्हेंडेल, गोंडोर आणि रोहानच्या कॅलेंडरांशी तुलना आहे, एवढं कादंबरीच्या प्रास्ताविकात एका वाक्यात येतं. टोल्किन आपल्याला या ग्रंथाचं एकही पान दाखवत नाही.

परिशिष्टं म्हणजे टोल्किनच्या विद्वत्तेची हौस, गोष्टीशी त्यांचा संबंध नाही, असं बरेच वाचक म्हणतात. मला ते पटत नाही. मेरीने हाच विषय का घेतला, हे त्याच्या आयुष्याकडे पाहिलं की कळतं. तो घरातून निघाला तेव्हा त्याच्यासाठी ते वर्ष १४१८ होतं. युद्धात पोचला तेव्हा आजूबाजूचे लोक ३०१९ म्हणत होते. शायरचा शक गोंडोरच्या तिसऱ्या युगातल्या १६०१पासून सुरू होतो, हा त्यातला फरक. एल्फांचा हिशोब तर आणखी निराळा. त्यांचं वर्ष सहा ऋतूंचं, आणि अशी १४४ वर्षं मिळून त्यांचं एक मोठं वर्ष. त्यात मेरीने चालणारी झाडं प्रत्यक्ष पाहिली होती. गावाच्या विनोदातला 'एक तारखेचा शुक्रवार' त्याच्या वाट्याला खरंच आला होता. अशा माणसाने गावी परतल्यावर दोन्हीकडचे दिवस एका कागदावर शेजारी शेजारी मांडायला घेतले, यात मला विद्वत्तेची हौस दिसत नाही. आपण जिथे जिथे होतो ते सगळं एकाच आयुष्यात बसवायची त्याची धडपड दिसते.

गोंडोरने सॉरॉनचा पाडाव झाला तो दिवस, २५ मार्च, वर्षारंभ ठरवला. शायरमध्ये मात्र तो दिवस साजरा झाल्याची नोंदच नाही. ज्या घटनेने जग वाचलं, तिची तारीख हॉबिटांनी सरळ सोडून दिली! मेरीच्या बकलंडमध्ये दर वर्षी सूर्यास्ताला शिंग फुंकलं जाई ते २ नोव्हेंबरला. युद्धानंतर परतलेल्या मेरीने याच दिवशी रोहानचं शिंग फुंकून गुंडांच्या ताब्यात गेलेल्या आपल्या मुलखाला जागं केलं होतं. चित्रपटात हा सगळा भागच गाळला आहे, त्यामुळे पडद्यावरच्या मेरीला ही तारीख कधी मिळालीच नाही.

हे वाचताना मला आजी आठवली. तिच्या सगळ्या कागदपत्रांवर जन्मतारीख १ जून आहे, शाळेत नाव घालताना गुरुजींनी लिहिलेली. घरात मात्र आम्ही तिला ओवाळतो वसुबारसेला. आधारकार्ड आणि निरांजन यांच्यात कुणाचं खरं, हा प्रश्न तिला कधी पडला नाही. शायरला २५ मार्चबद्दल पडला नाही, तसाच.

टोल्किनबद्दल माझी तक्रार इथेच आहे. आपल्याच माणसांनी २५ मार्च विसरावा, याचं मेरीला काय वाटलं? पेलेन्नोरच्या रणांगणावर ज्याने जीव पणाला लावला, त्याला हे सलणारच. पण टोल्किन त्याच्या ग्रंथाचं नाव सांगतो, त्याचं मन सांगत नाही. अभ्यासक मेरी आणि सैनिक मेरी यांची गाठ तो कुठेच घालून देत नाही, ती वाचकाला तळटीपा जुळवून घालावी लागते. तळटीपांपर्यंत किती जण पोचतात?

१०२ वर्षांचा असताना मेरीला रोहानच्या राजाचा निरोप आला, एकदा भेटायचं आहे. मुलाबाळांच्या हाती सगळं सोपवून तो पिपिनबरोबर निघाला तो शायरला परत आलाच नाही. राजाच्या शेवटच्या दिवसांत तो त्याच्याजवळ होता. पुढे दोघे गोंडोरमध्ये वारले आणि तिथल्या थोरांमध्ये त्यांना जागा मिळाली. ते कधी वारले, ते वर्ष टोल्किन देत नाही. शायरच्या शकात नाही आणि गोंडोरच्याही नाही.

बकलंडमध्ये तोवर २ नोव्हेंबरला शिंग वाजतच असणार.