तसदी, मदत आणि कबुली : युद्धोत्तर जपानच्या शब्दांची एक तपासणी

जपानविषयी मराठीत जे लिहिले जाते त्याचे ढोबळमानाने दोन प्रकार पडतात. पहिला प्रकार प्रस्थापित पांढरपेशा लेखनाचा. त्यात अणुबाँबच्या राखेतून उठलेला देश, वक्तशीर आगगाड्या, कामसू माणसे आणि आपण त्यांच्यापासून काय शिकावे याची यादी असते. दुसरा प्रकार आपला. आपल्या सभांतून आणि अंकांतून जपान हा बुद्धाचा देश म्हणून येतो आणि त्यामुळे आपोआप आपला होतो. या दोन्ही प्रकारांत एक माणूस कुठेच भेटत नाही. तो म्हणजे जपानचा शेजारी. कोरियातून खाणीत नेलेला मजूर, लष्करी छावणीत डांबलेली पोर, चीनमधले जळालेले गाव यांना वगळून केलेले जपानचे कौतुक मला अपुरे वाटते. दलित लेखकाच्या हातून ते झाले तर अधिकच खटकते. ज्याच्यावर अन्याय झाला त्याच्या बाजूने इतिहास वाचायचा, ही आपल्या साहित्याची भूमिका आहे, आणि ती गावकुसापाशी थांबत नाही.

परराष्ट्रधोरण हा आपला विषय नव्हे, असे काही कार्यकर्ते म्हणतात. बाबासाहेबांनी १९५१ साली मंत्रिमंडळाचा राजीनामा देताना जी कारणे सांगितली त्यांत परराष्ट्रधोरणही होते, याचे त्यांनी स्मरण ठेवावे. मला स्वतःला या विषयाकडे एका शब्दाने आणले. मी यवतमाळ जिल्ह्यात राहतो. इथे 'सानुग्रह' हा अवघड संस्कृत शब्द शाळेची पायरी न चढलेल्या बाईलाही ठाऊक असतो. त्या शब्दाकडे मी पुढे येणारच आहे. आधी जपानचे शब्द पाहू.

८ सप्टेंबर १९५१ रोजी सॅन फ्रान्सिस्को येथे जपानशी शांततेचा तह झाला. ज्यांनी सर्वांत जास्त सोसले त्या चीनला आणि कोरियाला बोलावणेच नव्हते. गोलमेज परिषदेत अस्पृश्यांचा स्वतंत्र प्रतिनिधी का हवा होता हे ज्यांना कळते, त्यांना या रिकाम्या खुर्च्यांचा अर्थ सांगावा लागणार नाही. अमेरिकेला साम्यवादाविरुद्ध उभा राहणारा जपान हवा होता, म्हणून हिशेब सौम्य ठेवण्यात आला. भारत या परिषदेला गेला नाही. जपानी भूमीवर अमेरिकी फौजा राहणार, बेटे अमेरिकेच्या ताब्यात राहणार, याला नेहरू सरकारची हरकत होती. ९ जून १९५२ रोजी भारताने जपानशी स्वतंत्र तह केला आणि युद्धाच्या नुकसानभरपाईवरचा हक्क सोडून दिला. हे औदार्य होते यात शंका नाही. ते कोणाच्या वतीने दाखवले गेले, हा प्रश्न मात्र उरतो.

त्यानंतर आग्नेय आशियातील देशांशी जपानने वेगवेगळे करार केले : १९५४ मध्ये ब्रह्मदेशाशी, १९५६ मध्ये फिलिपिन्सशी, १९५८ मध्ये इंडोनेशियाशी. ही भरपाई मुख्यतः जपानी माल, यंत्रे आणि सेवा यांच्या रूपाने दिली गेली. म्हणजे देणे फिटत असतानाच देणेकऱ्याच्या कारखान्यांना बाजारपेठ मिळत होती. सावकारी ज्यांनी पाहिली आहे त्यांना हे गणित नवे वाटू नये.

कोरियाचे प्रकरण याहून बोलके आहे. १९१० ते १९४५ अशी पस्तीस वर्षे कोरिया जपानची वसाहत होता. २२ जून १९६५ रोजी दक्षिण कोरियाशी संबंध पूर्ववत करणारा करार झाला. त्यात १९१० चा विलीनीकरणाचा तह 'आधीच रद्दबातल' असल्याचे म्हटले आहे. या 'आधीच'मध्ये सगळे राजकारण भरलेले आहे. सोलचे सरकार त्याचा अर्थ लावते : तो तह मुळातच बेकायदा होता. टोकियोचे सरकार अर्थ लावते : तो तेव्हा कायदेशीर होता, आता लागू नाही. एकाच शब्दाखाली दोघांनी सह्या केल्या आणि गुन्हा घडला की नाही हा प्रश्न दोघांनीही टाळला. जपानने ३० कोटी डॉलर अनुदान आणि २० कोटी डॉलर कर्ज दिले, पण त्याला भरपाई म्हटले नाही. नाव 'आर्थिक सहकार्य' असे ठेवले. परराष्ट्रमंत्री एत्सुसाबुरो शिईना यांनी तर आपल्या संसदेत या पैशाचे वर्णन स्वातंत्र्याबद्दलची अभिनंदनपर भेट असे केले. ज्याला पस्तीस वर्षे बांधून ठेवले, त्याला सुटल्याबद्दल आहेर!

हा करार करणारे पार्क चुंग-ही यांचे सरकार लष्करी बंडातून आलेले होते. १९६४ मध्ये विद्यार्थी रस्त्यावर उतरले तेव्हा लष्करी कायदा पुकारून त्यांना दडपण्यात आले. पैसा पोलाद कारखान्यासारख्या मोठ्या प्रकल्पांत गेला. सक्तीने नेलेल्या आणि मेलेल्या मजुरांपैकी सुमारे साडेआठ हजारांच्या वारसांना दहा वर्षांनी प्रत्येकी तीन लाख वॉन मिळाले. जे जिवंत परतले त्यांना त्या वेळी काहीच नाही. मेलेल्यांच्या नावावर राष्ट्र उभे राहिले. त्यांची घरे होती तिथेच राहिली.

चीनच्या बाबतीतही मुद्दा शब्दावरच अडला. २५ सप्टेंबर १९७२ रोजी पंतप्रधान काकुएई तानाका यांनी पेकिंगच्या मेजवानीत युद्धाचा उल्लेख करताना जो जपानी शब्द वापरला, त्याला मराठीत 'तसदी' म्हणता येईल. आपल्याकडे रस्ता खणला की पाटी लागते, 'तसदीबद्दल क्षमस्व', तीच ही तसदी. एखाद्या स्त्रीच्या कपड्यांवर चुकून पाणी उडाले तर म्हणावे असा हा शब्द आहे, असा आक्षेप चाऊ एन-लाय यांनी घेतला. चार दिवसांनी निघालेल्या संयुक्त निवेदनात जपानने युद्धातील गंभीर हानीची जबाबदारी आणि आत्मनिर्भर्त्सना लिहून दिली. चीनने भरपाईचा हक्क सोडला आणि १९७९ पासून जपानी मदत सुरू झाली. लाखो मृतांच्या वतीने हक्क सोडणारे इथेही राज्यकर्तेच होते.

जपानमध्ये कोणी चूक मानलीच नाही, असे म्हणणे अन्यायाचे होईल. १४ ऑगस्ट १९९१ रोजी किम हाक-सुन ही कोरियन वृद्धा पुढे आली आणि जपानी लष्कराने आपल्याला लैंगिक गुलाम केले होते हे तिने स्वतःच्या नावानिशी सांगितले. तिच्या एका वाक्याने जे केले ते सव्वीस वर्षांच्या मुत्सद्देगिरीने केले नव्हते. १९९३ मध्ये योहेई कोनो यांनी लष्कराचा सहभाग मान्य केला. १९९५ मध्ये पंतप्रधान तोमिइची मुरायामा यांनी वसाहतवाद आणि आक्रमण हे शब्द उच्चारून माफी मागितली. हे निवेदन मी प्रामाणिक मानतो. पण त्याच वर्षी या स्त्रियांसाठी जो निधी स्थापन झाला, त्यातली प्रायश्चित्ताची रक्कम लोकवर्गणीतून उभारण्यात आली. कायदेशीर देणे १९६५ मध्येच मिटले, अशी सरकारची भूमिका होती. म्हणून कोरियातील बहुतेक वृद्धांनी तो पैसा नाकारला. त्या श्रीमंत नव्हत्या. भुकेल्या माणसाने ताट परत करणे म्हणजे काय, हे आपल्याला कोणी समजावून सांगण्याची गरज नाही.

२८ डिसेंबर २०१५ रोजी दोन्ही सरकारांनी पुन्हा करार केला. शंभर कोटी येन, आणि प्रश्न 'अंतिम व अपरिवर्तनीय' रीतीने मिटल्याची घोषणा. ज्या स्त्रिया हयात होत्या त्यांना नीट विचारलेही गेले नव्हते. २०१८ मध्ये कोरियाने त्या पैशातून उभी केलेली संस्था गुंडाळण्याचे जाहीर केले. त्याच वर्षी कोरियाच्या सर्वोच्च न्यायालयाने सक्तीच्या मजुरांना जपानी कंपनीने भरपाई द्यावी असा निकाल दिला. २०१९ मध्ये जपानने कोरियाला होणाऱ्या आपल्या निर्यातीवर निर्बंध आणले. २०२३ मध्ये तोडगा निघाला तो असा, की जपानी कंपनीऐवजी कोरियातीलच एका संस्थेने पैसे द्यावेत. अमेरिकेला आपले दोन दोस्त एकत्र हवे होते, ते झाले. काही वृद्धांनी मात्र ते पैसे घेण्यास सुरुवातीला साफ नकार दिला.

२०१५ च्या ऑगस्टमध्ये पंतप्रधान शिन्झो आबे यांनी म्हटले होते की, युद्धाशी संबंध नसलेल्या पुढच्या पिढ्यांवर माफी मागत राहण्याची वेळ येऊ नये. हे वाक्य मला परके वाटले नाही. 'आमच्या आजोबांनी केले असेल, आम्ही का भोगावे? आणखी किती दिवस सवलती?' हे आपण दर वर्षी प्रवेशाच्या दिवसांत ऐकतो. आजोबांची जमीन, आजोबांचे नाव, आजोबांची ओळखपाळख चालते. फक्त आजोबांचे देणे चालत नाही.

आता आपल्या देशाच्या औदार्याकडे वळतो. टोकियो खटल्यात न्यायमूर्ती राधाविनोद पाल यांनी सर्व आरोपींना निर्दोष ठरवणारे भिन्न मत दिले. विजेत्यांच्या न्यायावरचा त्यांचा आक्षेप विचार करण्याजोगा आहे. पण जपानमधील उजव्या गटांनी त्याचा अर्थ 'जपान निर्दोष' असा करून घेतला आणि २००५ मध्ये यासुकुनी देवस्थानात पालांचे स्मारक उभे राहिले. आबे यांनी २००७ च्या मार्चमध्ये त्या स्त्रियांवर सक्ती झाल्याच्या पुराव्याविषयी शंका घेतली, आणि ऑगस्टमध्ये आपल्या संसदेत येऊन पालांचा गौरव केला. आपण टाळ्या वाजवल्या. १९४२ ते १९४५ या काळात अंदमानात जपानी फौजेने भारतीयांचे हाल केले. ३० जानेवारी १९४४ रोजी हम्फ्रीगंज येथे ४४ जणांना गोळ्या घातल्या. मलायातल्या मळ्यांवरचे तमिळ मजूर सयाम-ब्रह्मदेश रेल्वेवर नेले गेले. त्यांत अस्पृश्य जातींतली माणसे पुष्कळ होती. थायलंडमधील कांचनाबुरीच्या युद्धस्मशानात दोस्त राष्ट्रांच्या सुमारे ७,००० सैनिकांच्या कबरी ओळीने राखलेल्या आहेत. या मजुरांपैकी मेले किती, याचा नीट हिशेबही कोणी ठेवला नाही. १९५२ मध्ये सोडलेल्या हक्कात त्यांचाही हक्क होता.

मग आपल्या बौद्ध मैत्रीचे काय? महाराष्ट्र शासनाने २०१३ मध्ये वाकायामा प्रांताशी सहकार्याचा करार केला आणि सप्टेंबर २०१५ मध्ये तिथल्या कोयासान विद्यापीठात बाबासाहेबांचा पुतळा बसला. मला त्याचा आनंद आहे. परंतु जपानमध्येही मेलेली जनावरे ओढणारी, कातडे कमावणारी माणसे होती. १८७१ च्या हुकुमाने त्यांचा हीन दर्जा कागदोपत्री संपला, विटाळ संपला नाही. या बुराकुमिनांना मरणोत्तर देण्यात येणाऱ्या बौद्ध नावांतसुद्धा पशू, कातडे अशी हिणवणारी अक्षरे घातली जात. १९७९ मध्ये झेनच्या सोतो पंथाचे प्रमुख मुनेओ माचिदा यांनी अमेरिकेतील धर्मपरिषदेत, जपानमध्ये असा भेदभाव नाहीच, असे सांगितले. बुराकु मुक्ती संघटनेने त्यांना सोडले नाही. १९८४ च्या नैरोबी परिषदेत त्यांना ते विधान मागे घ्यावे लागले. पंथाला आपल्या देवळांतील नावे तपासावी लागली. पुढे १९९२ मध्ये याच सोतो पंथाने आशियातील युद्धात आणि वसाहतवादात आपण भागीदार होतो अशी जाहीर कबुली दिली. घरातल्या अन्यायाची कबुली द्यावी लागली, त्यानंतर शेजाऱ्यासमोर मान झुकली, हा क्रम मला महत्त्वाचा वाटतो. बाबासाहेबांच्या नावाने जपानशी मैत्री करायची तर ती बुराकुमिनांच्या वस्तीतूनही जायला हवी.

आता 'सानुग्रह'. आमच्या जिल्ह्यात शेतकऱ्याने आत्महत्या केली की प्रकरण समितीपुढे जाते आणि 'पात्र' किंवा 'अपात्र' ठरते. पात्र ठरल्यास घरच्यांना एक लाख रुपये सानुग्रह मदत. सातबारा नावावर नाही, बँकेचे वा परवानाधारक सावकाराचे कर्ज नाही, तर मरण अपात्र. मक्त्याने शेती करणारा भूमिहीन बौद्ध, शेतात राबणारी पण सातबाऱ्यावर नसलेली बाई, या चाळणीतून खाली पडतात. सानुग्रह म्हणजे अनुग्रहासह, कृपेने. कृपा करणारा चूक कबूल करीत नाही आणि कृपेवर कोणाचा हक्क नसतो. २०१७ मध्ये कपाशीवर फवारणी करताना विषबाधेने जिल्ह्यात वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले, तेव्हाही मदत जाहीर झाली आणि चर्चा रंगली ती मजुराने तोंडाला फडके बांधले होते की नाही याची. शिईना यांची अभिनंदनपर भेट आणि आमच्या तहसीलचे सानुग्रह अनुदान ही एकाच भाषेची दोन रूपे आहेत.

कबुलीने पोट भरते का, असे विचारले जाईल. भरत नाही. पण पैसा कबुलीशिवाय आला तर तो देणाऱ्याच्या मर्जीने येतो, मर्जीने थांबतो आणि घेणाऱ्याला उपकाराखाली ठेवतो. कबुली आली की तोच पैसा देणे ठरतो. मात्र नुसत्या कबुलीवरही भाळू नये. १९३२ मध्ये हरिजन सेवक संघाच्या रचनेवरून हाच वाद झाला होता. सवर्णांना प्रायश्चित्त घ्यायचे आहे, म्हणून संघाचा कारभार त्यांच्याच हाती हवा, असा गांधीजींचा युक्तिवाद होता. म्हणजे देणे मान्य, पण वही देणेकऱ्याकडेच. बाबासाहेब त्यातून बाहेर पडले. २०१५ च्या करारात कोरियन वृद्धांना न विचारता जे झाले ते याच जातीचे होते.

म्हणून जपानविषयी लिहिताना, आणि आपल्या गावाविषयी लिहितानाही, मी तीन प्रश्न विचारतो. काय दिले? ते कोणत्या नावाने दिले? आणि नाव ठरवताना ज्याचे गेले तो हजर होता का? पहिल्या प्रश्नाचे उत्तर सरकारी पत्रकात मिळते. उरलेल्या दोहोंचे उत्तर किम हाक-सुनसारख्या माणसाला स्वतःच्या तोंडाने द्यावे लागते. ते ऐकून लिहून ठेवणे, एवढे काम आपल्या साहित्याकडे नक्कीच आहे.