हनुवटी वर करणारी मुलगी

गेल्या पावसाळ्यात लेक दुसऱ्या बाळंतपणाला माहेरी आली. बेळगावचा पाऊस तुम्हांला ठाऊकच आहे. आठ-आठ दिवस दुपटी वाळत नाहीत. दिवसभर शेगडीवर दुपटी उबवायची, हळिवाचे लाडू वळायचे आणि रात्री बाळ दर दोन तासांनी जागं व्हायचं. त्या जागरणांत लेक मांडीवर बाळ घेऊन समोर टॅब ठेवायची आणि एक मेक्सिकन मालिका बघायची. आवाज अगदी बारीक, खाली इंग्रजी अक्षरं. मी लंगोट बदलता बदलता एक डोळा तिकडे ठेवायची. चार-पाच रात्रींत दोन्ही डोळे तिकडे लागले.

मालिकेचं नाव 'मादरे सोलो आय दोस'. नेटफ्लिक्सवर ती २०२१च्या जानेवारीत आली आणि २०२२च्या डिसेंबरपर्यंत तिची तीन पर्वं झाली. स्पॅनिशमध्ये 'आई एकच असते' असं म्हणायची रीत आहे, ती उलटून हे नाव केलंय : आया दोनच असतात. इस्पितळात दोन तान्ह्या मुलींची अदलाबदल होते. काही महिन्यांनी चूक उघडकीला येते. तोवर दोघींना आपल्या हातातल्या बाळाचा लळा लागलेला असतो. मग दोन्ही पोरींना दोन्ही आया मिळाव्यात म्हणून त्या एकाच घरात राहायला लागतात. एक मारियाना, विशीतली, शिकणारी, बिनधास्त. दुसरी अ‍ॅना सेर्विन, चाळिशीची, कंपनीत मोठ्या हुद्द्यावर, श्रीमंत आणि शिस्तीची. घरसुद्धा ती ऑफिससारखं चालवते.

बाळांच्या अदलाबदलीची गोष्ट आपल्याला नवी नाही. हिंदी सिनेमाने ती इतक्यांदा सांगितलीय की पहिल्या दहा मिनिटांत मी लेकीला म्हटलं, "पुढचं मी सांगू का?" पण मला धरून ठेवलं ते गोष्टीने नाही, त्या अ‍ॅनाने. पहिल्या रात्री मी म्हणालेसुद्धा, "काय ताठ बाई आहे गं ही!" लेक हसली. म्हणाली, "आई, ती लहानपणापासून ताठच आहे. दहा वर्षांची असल्यापासून टीव्हीवर ताठ मुलीचंच काम करतेय."

तिथून मी त्या नटीच्या मागे लागले.

तिचं नाव लुडविका पालेता. जन्म पोलंडमधल्या क्राकोव्ह गावचा, १९७८चा. वडील व्हायोलिन वाजवणारे. ती अगदी लहान असताना ते बायकामुलांसह मेक्सिकोत आले आणि तिथेच राहिले. थोरली बहीण दोमिनिका, तीही पुढे नटी झाली. १९८९ साली तेलेविसा या तिथल्या सगळ्यात मोठ्या वाहिनीसंस्थेने 'कारुसेल' नावाची मुलांची मालिका काढली. मूळ गोष्ट अर्जेंटिनाची. एक शाळा, एक वर्ग, हिमेना नावाची प्रेमळ बाई आणि तिची नाना तऱ्हेची मुलं. त्यात दहा वर्षांच्या लुडविकाला मारिया होआकिनाची भूमिका मिळाली. डॉक्टरची लाडकी लेक, हुशार, देखणी, गोरीपान, आणि भयंकर गर्विष्ठ. त्याच वर्गात सिरिलो नावाचा मुलगा असतो. काळा, गरीब, सुताराचा पोरगा. त्याचा हिच्यावर जीव. आणि ही त्याला सगळ्यांदेखत झिडकारते, त्याच्या रंगावरून आणि गरिबीवरून.

मालिका मेक्सिकोत गाजलीच, पण १९९१ साली ब्राझीलमध्ये दाखवली तेव्हा तिथल्या सगळ्यात बलाढ्य वाहिनीच्या रात्रीच्या बातम्यांना तिने घाम फोडला. वीस वर्षांनी, २०१२मध्ये, ब्राझीलने स्वतःची 'कारुसेल' नव्याने बनवली, तेव्हाही मारिया होआकिना होतीच. म्हणजे दोन पिढ्यांच्या मनात 'गर्विष्ठ मुलगी' म्हटलं की एक ठरलेला चेहरा.

मी ती जुनी मालिका तुकड्यातुकड्यांनी पाहिली. भाषा कळत नव्हती, म्हणून चेहराच पाहिला. ही पोरगी ओरडत नाही, डोळे वटारत नाही. हनुवटी जराशी वर करते आणि नजर समोरच्याच्या डोक्यावरून पलीकडे नेते. बस्स. समोरचा माणूस तिथे नाहीच, असं वाटायला लावते. दहाव्या वर्षी हे जमणं म्हणजे थोडं काम नाही.

पण बघता बघता मला अस्वस्थ वाटू लागलं. ही मुलगी कोणाची? परक्या देशातून पोट भरायला आलेल्या वादकाची. तिला त्या देशाच्या श्रीमंतीचा चेहरा का केलं? कारण उघड आहे : ती गोरी होती, केस सोनेरी होते. मेक्सिकोच्या मालिकांत पैसा आणि गोरेपण यांची गाठ पक्की असते. मालकीण गोरी, मोलकरीण सावळी. आपल्याकडे तरी काय निराळं आहे? आपल्या मालिकांतली गरीब घरची नायिकासुद्धा आधी गोरी असावी लागते. स्थळ बघतानाचं बोलणं आठवा. सिरिलोला झिडकारणारी ती वाक्यं मोठ्या माणसांनी लिहिली, मोठ्या माणसांनी बसवून घेतली आणि बोलायला लावली एका पोरीला. शहाणपण शिकवायचं म्हणूनच लिहिली, हे मला मान्य आहे; पुढे तिचे डोळे उघडतात असंही दाखवलंय. पण प्रेक्षक राग लेखकावर काढत नाही, चेहऱ्यावर काढतो. अपमान सिरिलोच्या वाट्याला आला आणि शिक्का हिच्या.

१९९२ साली तिला दुसरी मोठी मालिका मिळाली, 'एल आबुएलो इ यो', म्हणजे 'आजोबा आणि मी'. यातही ती श्रीमंताघरचीच, पण या वेळी गरीब अनाथ मुलाशी मैत्री करणारी. जणू मारिया होआकिनाच्या पापाचं प्रायश्चित्त. तो अनाथ मुलगा म्हणजे गाएल गार्सिया बेर्नाल. त्याच मालिकेत दिएगो लुना हा आणखी एक मुलगा होता. ही दोन्ही नावं सिनेमाची आवड असणाऱ्यांना सांगायला नकोत. गाएल लंडनला नाट्यशिक्षण घ्यायला गेला. २००० साली 'आमोरेस पेर्रोस' आला, पुढच्या वर्षी दोघांचा 'इ तू मामा ताम्बिएन', आणि जग त्यांना कलावंत म्हणू लागलं. आज कोणीही समीक्षक त्यांच्यावर लिहिताना ती बालमालिका एका ओळीत उरकतो, जशी लहानपणची गोवरकांजिण्यांची आठवण.

लुडविका मालिकांतच राहिली. सिनेमात कामं केली, पण तिचं घर टीव्हीच. २००१मध्ये 'आमिगास इ रिवालेस', चार तरुण मुलींची गोष्ट. २००३मध्ये 'निन्या आमादा मिया', करड्या बापाच्या तीन मुली, त्यांतली ही एक. २००६मध्ये 'दुएलो दे पासिओनेस', पुन्हा मळे-घोडे आणि संशयी बाप. मैत्रिणींनो, खोटं कशाला बोलू, यांतलं जेवढं पाहिलं तेवढं मला फार बरं वाटलं नाही. रडणं पुष्कळ, योगायोग त्याहून पुष्कळ. तिला काम आहे पण वाव नाही. २००९च्या 'लोस एक्सितोसोस पेरेस'मध्ये विनोदाची बाजू दिसली. २०१६मध्ये 'ला केरिदा देल सेन्तावरो'त ती तुरुंगातली बाई झाली, लेकीसाठी जिवावर उदार होणारी. मेकअप पुसलेला, केस विस्कटलेले. तिथे पहिल्यांदा वाटलं की ही त्या जुन्या चेहऱ्याशी भांडतेय.

आता माझं मुख्य म्हणणं सांगते. सिनेमात गेलेल्या मुलांची वाटचाल आपण 'प्रगती' म्हणतो आणि मालिकेत राहिलेल्या मुलीची वाटचाल म्हणजे 'अडकून पडणं'. हे मोजमाप मला पटत नाही. मालिका म्हणजे भाकऱ्या थापता थापता, बाळ पाजता पाजता, बायकांनी अर्ध्या लक्षाने बघायची गोष्ट. म्हणून ती हलकी, असा हा हिशेब आहे. पण एका माणसाचं वय डोळ्यांदेखत वाढताना बघायचं तर मालिकेसारखं साधन नाही. आणि लुडविकाने त्या साधनाचा जो उपयोग 'मादरे सोलो आय दोस'मध्ये केलाय, तो सिनेमाच्या दोन तासांत करता आला नसता.

कारण अ‍ॅना सेर्विन म्हणजे मोठी झालेली मारिया होआकिना आहे. लेखकांच्या मनात ते होतं की नाही, मला सांगता यायचं नाही. नटीच्या मानेत मात्र आहे. तीच हनुवटी वर जाते, तीच नजर मारियानाच्या डोक्यावरून पलीकडे जाते. पण आता कॅमेरा एक क्षण जास्त थांबतो, आणि दिसतं की हनुवटी वर गेली ती रडू खाली जावं म्हणून. नऊ महिने पोटात वाढवलेली पोर दुसरीच्या कडेवर आहे. हातातली पोर आपली नाही आणि तरी आपलीच आहे. नवरा प्रामाणिक नाही. ऑफिसात जरा सैल पडली तर जागा जाईल. अशी बाई ताठ राहणार नाही तर काय करणार? लहानपणी जो ताठा आपल्याला माज वाटला, तो चाळिशीत आधाराची काठी निघतो. लुडविका जुना शिक्का पुसत नाही. सगळ्यांना ओळखीचा असलेला तो चेहरा पुढे करते आणि म्हणते, आता नीट बघा.

मालिकेत दोष आहेत. पैशाची अडचण अ‍ॅनाच्या घरी फार काळ टिकत नाही. मारियानाच्या घरी टिकली असती, ते लेखकांनी फारसं खोदलेलं नाही. तिसऱ्या पर्वात गोष्ट ओढलीय. हसवण्याच्या नादात काही दुःखं दारातूनच परत जातात. पण दोन बायका एका सोफ्यावर बसून एकमेकींची बाळं पाजतात, एक शब्द न बोलता, ते पाहिल्यावर बाकीचं मी माफ केलं.

हे सगळं इतकं मनाला का लागलं, तेही सांगायला हवं, नाहीतर लिहिण्यात अर्थ नाही.

माझी लेक आठ वर्षांची असताना शाळेच्या गॅदरिंगमध्ये एका नाटुकल्यात गर्विष्ठ राणी झाली होती. माझा जुना शालू नेसवून मीच तयार केलं होतं. काम असं झक्कास केलं की दुसऱ्या दिवसापासून गल्लीत, मंडळात, लग्नकार्यात तिला सगळे 'राणीसरकार' म्हणू लागले. कौतुकच होतं. मग तिने कुणाला गालगुच्चा घेऊ दिला नाही की 'राणीसरकार'. गणितात कमी पडले म्हणून कोपऱ्यात गप्प बसली की 'राणीसरकार'. पंचविसाव्या वर्षी एका स्थळाला नाही म्हणाली, तेव्हा आत्याबाई चारचौघांत म्हणाल्या, "राणीसरकारांना कोण पसंत पडणार?" आणि मी हसले. आई असून हसले.

त्या पावसाळ्यात थोरली नात, सहा वर्षांची, तान्ह्या भावाजवळ कुणाला जाऊ देईना. पाहुण्या आलेल्या मावशींना तिने मान वर करून सांगितलं, "हात धुऊन या आधी." मी हसत हसत म्हणून गेले, "आईवर गेलीय. राणीसरकार!"

लेकीने बाळावरून मान वर केली. काही बोलली नाही. फक्त बघितलं, आणि हनुवटी जराशी वर गेली.

तीस वर्षांत मी ती हनुवटी हजार वेळा पाहिली असेल. त्या रात्री मालिका लावल्यावर अ‍ॅनाची पाहिली आणि मग लेकीकडे बघायचा धीर होईना. सकाळी नातीला हाक मारताना जिभेवर आलेला तो शब्द गिळला आणि तिचं नाव घेतलं. पोरीने ओ दिली. स्वयंपाकघराच्या दारात लेक उभी होती. म्हणाली, "आई, चहा टाकू का तुला?"

मी म्हटलं, "बाळंतिणीनं चहा टाकायचा नसतो. बस, मी टाकते."