दागिना आणि कुंकूं

नवी सून देवदर्शनास निघाली कीं चार बायकांचे डोळे आधीं तिच्या पाटल्यांकडे जातात आणि मग तोंडाकडे. दागिन्यांवरून घर ओळखण्याची ही विद्या आमच्या सातारा-सांगलीकडे कोणास शिकवावी लागत नाहीं. सांगलींत गाडगीळांची सराफी पेढी 1832 सालींच सुरू झाली. याच मुलखांतल्या हरिपूरच्या देवलांनीं 'शारदा' नाटकांत (1899) पोटची पोर म्हाताऱ्यास देऊं करणाऱ्या बापाचें नांव कांचनभट ठेवलें. नांवांतच सोनें!

समडोळीस जन्मलेले व कोरेगांवीं स्थायिक झालेले ना. ह. आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून प्रभातनें 1937 सालीं 'कुंकू' काढला, तेव्हां विषय तोच होता. वाढविणारांनीं पैसे घेऊन म्हाताऱ्यास दिलेली मुलगी. परंतु दिग्दर्शक शांताराम यांनीं सोनें बाजूस सारून कुंकवाची चिमूट पुढें केली, यांत आम्हांस मोठें मर्म दिसतें. पाटली, नथ, मंगळसूत्र हीं सौभाग्यलेणीं खरीं, पण त्यांच्या वजनावरून सासरची ऐपत कळते. कुंकूं मोलकरणीच्या कपाळीं आणि वकिलीणबाईंच्या कपाळीं सारखेंच. (सांगलीच्या पेठेंत जिचे ढीग पडतात त्या हळदीचेंच तें रूप!) नवरा जिवंत आहे, एवढीच त्याची ग्वाही. शांता आपटे यांच्या नीरेनें दागिने झुगारले असते, तर प्रेक्षकांनीं तिला विरक्त म्हणून डोक्यावर घेतलें असतें. ती सोय येथें ठेविलेली नाहीं.

आणि मिरविण्याची हौस? ती बायकांच्या माथीं मारण्याची आपली जुनी खोड आहे. या चित्रपटांत आरशापुढें उभे राहतात ते काकासाहेब. फुटक्या आरशाच्या तुकड्यांतून त्यांचेंच तोंड त्यांना हसतें. केशवराव दाते यांनीं तो वृद्ध असा रंगविला आहे कीं राग धरवत नाहीं. दागिना हवा असतो तो त्यांना, आणि तो दागिना म्हणजे नीरा.

शेवट मात्र आम्हांस पटत नाहीं. काकासाहेब तिचें कुंकूं पुसतात, पुनर्विवाहाची चिठ्ठी लिहून जीव देतात, आणि प्रेक्षकांचे सारे अश्रू त्यांच्याकडे वळतात. पैसे घेणारे कथेच्या कडेला पडतात. देवलांनीं भुजंगनाथास जिवंत ठेवून फजीत केलें, हें अधिक कठोर व अधिक खरें. तेथेंहि लग्न मोडलें तें सगोत्र म्हणून, शारदा नको म्हणाली म्हणून नव्हे. नीरा पहिल्या दिवसापासून नको म्हणत होती.