उसने यौवन, उचल आणि साल

अद्भुताच्या विश्वात काळ पुष्कळदा पदार्थरूप धारण करतो. तो साठविता येतो, चोरता येतो, उसना घेता येतो. मिखाएल एंडे या जर्मन लेखकाच्या ‘मोमो’ (१९७३) या कादंबरीतील करडी माणसे नगरवासीयांना वेळ वाचवून बँकेत ठेवावयास लावतात आणि तासांच्या फुलांच्या वाळलेल्या पाकळ्यांचे चिरूट ओढून स्वतः जगतात. मराठी वाचकाला या कल्पिताचे फारसे नवल वाटू नये. आदिपर्वातील ययातीच्या आख्यानात असाच व्यवहार आहे, आणि तो अधिक काटेकोर आहे.

वि. स. खांडेकरांची ‘ययाति’ (१९५९) आणि वि. वा. शिरवाडकरांचे ‘ययाति आणि देवयानी’ (१९६६) या कृतींमुळे हे आख्यान मराठीत भोग आणि संयम यांच्या द्वंद्वाचे प्रतीक म्हणून रूढ झाले. समीक्षेनेही बव्हंशी तीच वाट चोखाळली. हा अर्थ चुकीचा नव्हे; परंतु त्यात आख्यानातील कल्पित विश्वाचा मूलभूत नियम दुर्लक्षित राहतो. येथे जरा आणि यौवन एका देहातून दुसऱ्या देहात हलविता येतात. व्यवहाराला मुदत आहे, हजार वर्षांची. परतफेड आहे, मोबदला आहे. मुख्य म्हणजे नकाराला दंड आहे: यदू, तुर्वसू, द्रुह्यू आणि अनू हे चौघे नाही म्हणतात व शापित होतात. त्यानंतर पाचव्या पूरूची संमती पुढे येते. तिला स्वेच्छा म्हणावे काय, हा प्रश्न ‘पितृभक्ती’ या शब्दाखाली झाकला गेला आहे.

नांदेडच्या नरहर कुरुंदकरांनी (१९३२-१९८२) महाभारताचे जे विवेचन केले त्यात दैवी चमत्कारापेक्षा मानवी व्यवहाराला महत्त्व आहे. ही दृष्टी आवश्यकच होती. मात्र तिचे यांत्रिक अनुकरण केले की वरशापांचा भाग निव्वळ अलंकरण म्हणून बाजूला पडतो. ययातीच्या बाबतीत चमत्कार वगळला तर व्यवहारच नाहीसा होतो. कारण येथे करारच चमत्काराच्या रूपाने आलेला आहे.

हा करार वाचण्यासाठी लागणारा शब्दसंग्रह नांदेड-लातूरच्या बोलीत तयार आहे. सालगडी ‘साल’ धरतो: एका गुढीपाडव्यापासून दुसऱ्या पाडव्यापर्यंतचे वर्ष मालकाच्या स्वाधीन होते. न आलेला दिवस ‘खाडा’ म्हणून मांडला जातो आणि खाडे भरून द्यावे लागतात. मुखेड, कंधार, जळकोट, अहमदपूर या बालाघाटाच्या परिसरातून ऊसतोडीला जाणारे कुटुंब मुकादमाकडून ‘उचल’ घेते. दिवाळीच्या आगेमागे निघावयाचे ते ही उचल फेडण्यासाठी. या भाषेत काळ अमूर्त नाही. तो धरता, उचलता, भरता आणि फेडता येतो. एंडे यांना ज्यासाठी बँकेचे रूपक रचावे लागले, ते येथे रोजच्या बोलण्यात आहे.

येथे एक भेद स्पष्ट केला पाहिजे. ‘मोमो’मध्ये काळाची चोरी होते. चोरीला पूर्वस्वामित्व लागते. माणसाचा वेळ आधी त्याचा असतो, मग तो फसविला जातो. म्हणूनच ती कादंबरी चोरलेले तास माणसांना परत देऊन संपू शकते. उचल घेणाऱ्याचे वर्ष उजाडण्यापूर्वीच खर्ची पडलेले असते. त्याला कोणी फसविलेले नसते, त्याने अंगठा दिलेला असतो. पूरूचे यौवन या दुसऱ्या जातीचे आहे. त्यामुळे ययातीचे आख्यान दिसते त्यापेक्षा अधिक कठोर ठरते.

खांडेकरांच्या कादंबरीचा रूपबंध या दृष्टीने सूचक आहे. ययाति, देवयानी आणि शर्मिष्ठा असे तीन निवेदक तेथे आहेत; पूरूला निवेदन नाही. ज्याचे यौवन उचलले गेले त्याचा हिशेब त्याच्या शब्दांत मांडला जातच नाही. घेणाऱ्याच्या पश्चात्तापाला भरपूर अवकाश मिळतो, आणि हे या श्रेष्ठ मानल्या गेलेल्या कादंबरीचे वैगुण्य मानावयास हवे. गिरीश कार्नाडांच्या ‘ययाति’ (१९६१) या कन्नड नाटकाने ही उणीव वेगळ्या बाजूने भरून काढली. तेथे पूरूची पत्नी चित्रलेखा पतीचे वार्धक्य स्वीकारीत नाही आणि मृत्यू पत्करते. पूरूच्या आयुष्यावर आणखी कोणाचा हक्क होता, हा प्रश्न तिच्यामुळे उभा राहतो. ऊसतोडीच्या हिशेबात नवरा-बायको मिळून ‘एक कोयता’ धरतात. उचल बहुधा पुरुषाच्या नावे असते, तोड दोघांची असते. हे ठाऊक असलेल्या वाचकाला चित्रलेखा केवळ भावविवश वाटणार नाही.

राजपुत्र म्हणजे सालगडी नव्हे, असा आक्षेप यावर घेता येईल. पूरूला राज्य मिळते. सालगड्याला धान्य आणि ठरलेली रक्कम. तो आक्षेप योग्यच आहे. परंतु खरा फरक मोबदल्याच्या आकारात नाही. हजार वर्षांनी पूरूला त्याचे यौवन जसेच्या तसे परत मिळते. वापरलेला काळ न झिजता मूळ मालकाकडे येतो. आख्यानातील सर्वांत अद्भुत गोष्ट हीच होय. धरलेले साल असे कोणाला परत मिळत नाही.

कीर्तनांतून सांगितली जाणारी आयुष्यवाटपाची लोककथा याबाबत अधिक सावध आहे. देव आयुष्ये वाटतो. बैल, कुत्रा आणि घुबड आपली काही वर्षे नको म्हणून सोडून देतात आणि लोभी माणूस ती मागून घेतो. ग्रिम बंधूंच्या संग्रहात हीच कथा गाढव, कुत्रा आणि माकड यांच्याविषयी आहे. ययातीने घेतलेल्या यौवनावर पूरूची कोणतीही खूण उरत नाही. लोककथेत मात्र घेतलेल्या वर्षांना मूळ धन्याचा वास येतो: बैलाची वर्षे आली की माणूस ओझे ओढू लागतो, कुत्र्याची आली की उंबऱ्यात बसून भुंकतो, आणि घुबडाची आली की त्याला रात्रभर झोप लागत नाही.