एरिक नूर्डग्रेन : मौनाच्या अलीकडचा संगीतकार

इंगमार बर्गमनवरचे जे लेखन माझ्या वाचनात आले, त्यात देव, मृत्यू आणि चेहऱ्यांचे क्लोज-अप भरपूर आहेत. पन्नासच्या दशकातल्या त्याच्या बहुतेक महत्त्वाच्या चित्रपटांना संगीत देणारे एरिक नूर्डग्रेन (१९१३–१९९२) मात्र श्रेयनामावलीच्या पुढे फारसे सरकत नाहीत. त्याला एक ठरीव मत कारणीभूत आहे : साठनंतर बर्गमनने पार्श्वसंगीत जवळजवळ टाकून दिले आणि तो प्रौढ झाला. म्हणजे नूर्डग्रेन हे त्या प्रौढत्वाआधीचे ओझे! हे मत मला मान्य नाही.

नूर्डग्रेन हे १९५३ ते १९६७ या काळात 'स्वेन्स्क फिल्मइंडस्ट्री' या निर्मितिसंस्थेचे संगीतप्रमुख होते. पगारी माणूस, विनोदी चित्रपट आला तरी संगीत द्यायचे, प्लेगवरचा आला तरी द्यायचे. अशा नोकरीत माणूस सराईत होतो, आणि सराईतपणाला आपल्याकडे उगाच कमी लेखतात.

'द सेव्हन्थ सील' (१९५७) पुन्हा पाहावा, खरे तर ऐकावा. सुरुवातीला समूहस्वरांचा एक लोट उसळतो आणि विरतो. मग उरतो तो आकाशात तरंगणारा पक्षी. पुढे गावात नटमंडळींचे थिल्लर गाणे रंगात आले असता, स्वतःला फटके मारत चाललेली मिरवणूक 'दिएस इरे' हे मध्ययुगीन मृत्युस्तोत्र गात येते आणि ते गाणे गिळून टाकते. इथे संगीत प्रसंगाला पार्श्वभूमी पुरवत नाही. दोन गाण्यांची टक्कर हाच प्रसंग आहे. 'द व्हर्जिन स्प्रिंग'मध्ये (१९६०) तर वाद्यवृंद नावापुरताच उरतो. धनगरांपैकी एकजण मोरचंगाच्या जातीचे वाद्य तोंडाशी धरून वाजवतो, त्या सुरावर भोळी कारिन थबकते. पुढच्या अत्याचाराची चाहूल त्या एवढ्याशा वाद्यात आहे. कमी वाजवण्याची ही वाट बर्गमनने एकट्याने शोधली असे मला वाटत नाही. तिच्यावर पहिली पावले दोघांची आहेत.

त्यानंतर 'थ्रू अ ग्लास डार्कली'मध्ये (१९६१) प्रेक्षकाच्या कानात राहतो तो बाखच्या चेलो सुटीमधला साराबांद. 'विंटर लाइट'मध्ये (१९६३) चर्चमधली भजने आणि ऑर्गन, बस्स. बर्गमनचे त्या वेळचे लग्न पियानोवादक केबी लारेतेईशी झालेले होते, हेही विसरू नये. जिवंत संगीतकाराची जागा बाखने घेतली. आणि बाख बदल सुचवत नाही, वादही घालत नाही.

उपेक्षेचा दुसरा प्रकार अधिक उघड होता. 'समर विथ मोनिका' (१९५३) अमेरिकेत दाखवताना वितरकाने चित्रपट कापला आणि नूर्डग्रेन यांच्या संगीताऐवजी लेस बॅक्स्टरचे संगीत बसवले. त्याला निदान कात्री म्हणता येते.

नूर्डग्रेन पुढे यान ट्रोएलकडे वळले. त्याच्या 'द एमिग्रंट्स'मध्ये (१९७१) माक्स फॉन सिडो आणि लिव उलमान हे बर्गमनचेच चेहरे आहेत. देवाशी हुज्जत घालणारा सरदार इथे स्मोलांडच्या खडकाळ शेतातले दगड उपसणारा शेतकरी झाला आहे. त्याच्यामागे, साठीजवळ आलेल्या नूर्डग्रेन यांचे संगीत आहे.