चिंध्यांची जबाबदारी
(तीन अनुबोधपटांच्या निमित्ताने)

कपड्यांच्या व्यवसायाविषयी अलीकडे जे लिहिले-बोलले जाते त्यात दोन शब्द वारंवार कानांवर येतात : ‘शाश्वतता’ आणि ‘सामाजिक उत्तरदायित्व’. दोन्ही शब्द भारदस्त आहेत. पण त्यांचे साधे, घरगुती प्रतिशब्द मराठी व्यवहारात पूर्वीपासून वावरत आहेत. कापडाच्या दुकानात गिऱ्हाईक ठाणाचा पदर चिमटीत धरून विचारते, ‘टिकाऊ आहे ना?’ आणि तेच कापड दुसऱ्या धुण्यात विरले की दुकानदाराला गाठून म्हणते, ‘याला जबाबदार कोण?’ जबाब देण्यास जो बांधलेला तो जबाबदार. एवढ्या दोन शब्दांत त्या थोर संकल्पनांचा गाभा आला आहे असे आम्हांस वाटते. म्हणून हेच दोन शब्द हाताशी धरून येथे तीन अनुबोधपटांचा विचार करावयाचे योजिले आहे : मेघना गुप्ता यांचा ‘अनरॅव्हल’ (२०१२), अँड्र्यू मॉर्गन यांचा ‘द ट्रू कॉस्ट’ (२०१५) आणि राहुल जैन यांचा ‘मशीन्स’ (२०१६).

वाङ्मयाला वाहिलेल्या नियतकालिकात चित्रपटांना स्थान कशाला, अशी शंका कोणी घेईल. तिचे उत्तर असे की, या तिन्ही कृतींपुढचा खरा प्रश्न वाङ्मयीनच आहे. बोलतो कोण, कोणाविषयी बोलतो आणि कोणाला उद्देशून बोलतो, हा तो प्रश्न होय. शिवाय महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्या आम्हां मराठी मंडळींना हा विषय दूरचा नाही. दिल्लीतील सरोजिनी नगरचा बाजार सरकारी नोकरांच्या वसाहतींच्या कुशीत वाढला. निर्यातीतून उरलेले वा नाकारलेले परदेशी छापाचे कपडे तेथे ढिगांनी विकले जातात. दिल्लीपासून नव्वद किलोमीटरांच्या आसपास पानिपत आहे. दरवर्षी १४ जानेवारीला मराठी माणसे तेथे काला आंबच्या स्मारकापाशी जातात आणि १७६१ चे स्मरण करून परततात. त्याच गावात जगभरच्या जुन्या कपड्यांचे गठ्ठे फुटत असतात, याची त्यांतील कितीजणांना वार्ता असेल?

प्रथम ‘द ट्रू कॉस्ट’चा विचार करू, कारण त्याच्यामागची घटना सर्वांना ज्ञात आहे. २४ एप्रिल २०१३ रोजी ढाक्याजवळच्या सावर येथील ‘राणा प्लाझा’ ही आठमजली इमारत कोसळली आणि १,१३४ माणसे प्राणास मुकली. आदल्या दिवशी भिंतींना तडे गेलेले दिसले होते. खालच्या मजल्यांवरील बँक आणि दुकाने बंद झाली. वरच्या मजल्यांवरील शिवणकामगारांना मात्र दुसऱ्या दिवशी कामावर बोलावण्यात आले. त्या कारखान्यांतून युरोप-अमेरिकेतील नामांकित छापांचे कपडे शिवले जात होते. ही दुर्घटना घडल्यावर मॉर्गन यांना हा अनुबोधपट सुचला आणि ते कॅमेरा घेऊन देशोदेशी हिंडले.

त्यांच्या श्रमांविषयी शंका नाही. ढाक्यातील शिवणकामगार स्त्रिया, पंजाबातील कापसावरची विषारी फवारणी, कानपूरच्या चामड्याच्या कारखान्यांतून गंगेत जाणारे पाणी, अमेरिकेतील दुकानांत उसळलेली खरेदीची झुंबड असे पुष्कळ काही त्यांनी दीड तासात गोळा केले आहे. परंतु गोळा करणे आणि रचणे यांत अंतर असते. प्रत्येक दृश्याला एखादा तज्ज्ञ येऊन अर्थ लावून देतो. प्रेक्षकाला स्वतः पाहण्यास उसंत मिळत नाही. एकच धागा मनात राहतो, तो म्हणजे आपल्या लहानग्या मुलीला गावी आप्तांकडे ठेवून शहरात शिवणकाम करणाऱ्या आईचा. तिच्या बोलण्यात जो ताण आहे तो सगळ्या तज्ज्ञांच्या भाष्यांहून अधिक सांगून जातो.

या चित्रपटाची खरी मर्यादा त्याच्या संबोधनात आहे. तो श्रीमंत देशांतल्या खरेदीदाराशी बोलतो आणि अखेर त्याला विचारपूर्वक खरेदीकडे नेऊन सोडतो. म्हणजे जबाबदारीचा प्रश्न पुन्हा दुकानाच्या दारातच येऊन थांबतो. राणा प्लाझाने तर नेमका उलटा धडा दिला होता. तेथील काही कारखान्यांची ‘सामाजिक तपासणी’ झालेली होती, आणि त्या तपासणीच्या कक्षेत इमारतीचा भक्कमपणा येतच नव्हता. सरकारी कचेरीत टिपणे लिहून ज्यांचे आयुष्य चालले आहे अशा आमच्यासारख्यांना यात नवल वाटण्याचे कारण नाही. नमुन्यात रकाना असेल तेवढेच तपासनिसास दिसते. ज्या गोष्टीला रकाना नाही, ती त्याच्या डोक्यावर छत म्हणून उभी असली तरी कागदावर उमटत नाही. आणि फाइल मात्र ‘पूर्ण’ असते.

फरक पडला तो कायद्याने बांधणारा कागद झाला तेव्हा. मे २०१३ मध्ये कामगार संघटना आणि परदेशी छापांच्या कंपन्या यांच्यात ‘बांगलादेश अकॉर्ड’ हा करार झाला. त्यात कारखान्यांची स्वतंत्र तपासणी, तिचे जाहीर अहवाल आणि दुरुस्तीचे बंधन होते. सदिच्छेने जे साधले नाही ते बंधनाने पुष्कळ अंशी साधले. जबाबदारी हा मनोवृत्तीचा नव्हे, कराराचा विषय आहे, ही गोष्ट मॉर्गन यांच्या भावनाशील चित्रपटात हवी तितकी ठसत नाही.

‘अनरॅव्हल’ची जात निराळी आहे. अवघ्या पंधराएक मिनिटांचा हा अनुबोधपट पाश्चात्त्यांनी टाकून दिलेल्या कपड्यांचा माग काढीत समुद्रकिनाऱ्यापासून पानिपतपर्यंत येतो. फाळणीनंतर पश्चिम पंजाबातून आलेल्या विणकरांनी ज्या गावाच्या मागांना नवी उभारी दिली, ते हे पानिपत. येथे गठ्ठे फोडून कपड्यांची रंगवार निवड होते. बायका त्यांची बटणे आणि चेनी काढतात व ते विळीसारख्या पात्यावर चिरतात. मग यंत्रे त्या चिंध्यांचे तंतू पिंजून काढतात, त्यांचे पुन्हा सूत होते आणि सुताची घोंगडी. रंग आधीच वेगळे केल्यामुळे पुन्हा रंगवण्याची फारशी गरज उरत नाही.

ही विद्या नवी नव्हे. इंग्लंडमधील बॅटली येथे बेंजामिन लॉ याने १८१३ च्या सुमारास जुन्या लोकरीच्या चिंध्यांपासून सूत काढले आणि त्या कापडाला ‘शॉडी’ हे नाव पडले. पुढे इंग्रजीत त्या शब्दाचा अर्थच ‘हलका, कमअस्सल’ असा झाला. उद्योगाने चिंधीला पुनर्जन्म दिला, पण भाषेने तिला तिची पायरी सोडू दिली नाही!

या चित्रपटाचा खरा ऐवज मात्र त्या बायकांचे बोलणे हा आहे. एवढे धडधाकट, जवळजवळ कोरे कपडे ते लोक टाकतात तरी का? त्यांपैकी एकीने याचे उत्तर आपल्या अनुभवातूनच शोधले आहे. तिकडे पाणी फार महाग असावे, धुणे परवडत नसेल, म्हणून एकदोनदा अंगावर घालून देऊन टाकीत असतील! भल्या मोठ्या मापाची अंतर्वस्त्रे हाती लागली की हास्याचा एकच कल्लोळ होतो आणि ती घालणाऱ्या देहांविषयी तर्क चालतात. पाण्याविषयीचा हा तर्क चुकीचा आहे. पण त्यात जी करुणा आहे ती चुकीची नाही. श्रीमंताच्या उधळेपणाला ही बाई अडचण समजते आणि त्याच्याविषयी कळवळते. आजवर श्रीमंत देशांनी गरीब देशांची कीव केली. येथे कीव उलट दिशेने वाहते. उपरोध करावयाचा असे न ठरवताही इतका खोल उपरोध साधल्याची उदाहरणे आम्हांस फारशी आठवत नाहीत.

तरीही एक उणीव सांगितली पाहिजे. त्या हास्याच्या भरात तंतूंची धूळ, श्वासाचे विकार, मजुरीचे दर या गोष्टी मागे सरतात. चित्रपट लहान आहे हे कारण पुरेसे नाही. लहान कृतीलाही एखादे वाक्य परवडते. त्यामुळे चिंधीपासून घोंगडी होते यातच कोणी समाधान मानील आणि टाकणाऱ्याला नकळत अभयदान मिळेल, ही भीती राहते.

येथे आपल्याकडील गोधडीचा दाखला देण्याचा मोह होतो. लुगडे जुने झाले की त्याची गोधडी वा वाकळ, उरल्या तुकड्यांची बाळाची दुपटी, शेवटी फडके आणि अगदी अखेरीस पोतेरे, असा वस्त्राचा चौथा आश्रमही आपल्या घरांत ठरलेला होता. परंतु या स्मरणात रमताना दोन गोष्टी विसरू नयेत. एक, ही काटकसर टंचाईतून आली होती, आणि गोधडीवर टाके घालणाऱ्या बाईच्या श्रमांचा हिशेब घरात कोणी मांडत नसे. दुसरी, ज्या घराने वस्त्र वापरले त्याच घराने ते फाडले आणि शिवले. वस्त्राचा आरंभ आणि अंत एकाच डोळ्यांसमोर होता. पानिपतची घोंगडी ही साता समुद्रांपलीकडच्या माणसांनी टाकलेल्या कपड्यांची गोधडी आहे. तिचा धंदा चालू राहावयाचा तर त्या माणसांनी टाकीतच राहिले पाहिजे. शिवाय अलीकडे पॉलिएस्टरच्या मऊ, हलक्या ब्लँकेटांनी या घोंगडीची बाजारपेठही बरीच काबीज केली आहे. टिकाऊ म्हणावयाचे ते कशाला : कापडाला, धंद्याला, की टाकण्याच्या सवयीला?

‘मशीन्स’ या प्रश्नाच्या दुसऱ्या टोकाला, कापडाच्या जन्मस्थानी जातो. सुरतजवळच्या एका प्रचंड कापड-कारखान्यात कॅमेरा शिरतो आणि बराच वेळ कोणी काही बोलतच नाही. निवेदन नाही, तज्ज्ञ नाहीत. फक्त यंत्रांची घरघर, वाफ, रंगांची पिंपे आणि बारा-बारा तासांच्या पाळ्या करणारी माणसे. एका कोवळ्या पोराचे डोळे उभ्या-उभ्या मिटू लागतात. कॅमेरा हलत नाही आणि प्रेक्षकालाही हलू देत नाही. छायाचित्रणासाठी २०१७ च्या सनडान्स महोत्सवात या चित्रपटाचा विशेष गौरव झाला, तो सर्वथा योग्यच आहे.

पण सौंदर्याची येथे एक अडचण होते. रंगांच्या धारा आणि छापील कापडाचे पाट इतके देखणे टिपले आहेत की राबणारा देहही त्या चित्राचा एक भाग होऊन जातो. राहुल जैन यांच्या आजोबांची कापडगिरणी होती व लहानपणी ते तिच्यात हिंडत असत, असे त्यांनी सांगितले आहे. त्या बाळपणीच्या विस्मयाचा अंश या दृष्टीत उरला असावा. तथापि जैन यांची प्रामाणिकता अशी की ही अडचण त्यांनी झाकलेली नाही. आपल्याला कोणी बळजबरीने आणलेले नाही, असे एक मजूर शांतपणे सांगतो. त्या शांतपणाचा अर्थ लावण्याचे काम प्रेक्षकावर सोपवलेले आहे. कारखानदार पडद्यांवर कामगारांची हालचाल न्याहाळीत बसतो आणि मजुरांची पोटे भरू लागल्यापासून त्यांची निष्ठा उणावली असे निःसंकोच बोलतो. दिग्दर्शक त्याच्याशी वाद घालीत नाही. त्याची आवश्यकताही राहत नाही.

आणि शेवटाकडे तो प्रसंग येतो, ज्यासाठी हा चित्रपट पुनःपुन्हा पाहावा. कामगार कॅमेऱ्याभोवती जमतात आणि दिग्दर्शकालाच विचारू लागतात. तुमच्यासारखे येतात, विचारपूस करतात, निघून जातात. आम्ही काय करावे ते तरी सांगा. या प्रश्नाला चित्रपटात उत्तर नाही. ज्याच्याकडून सर्वजण ‘माहिती’ घेतात त्याने जबाब मागितला की चित्रपटकार, समीक्षक आणि प्रेक्षक हे तिघेही एकाच रांगेत उभे राहतात. स्वतःविरुद्धची ही साक्ष जैन यांनी कात्रीखाली घातली नाही, हा त्यांच्या कलेचा आणि नीतीचा एकत्रित विजय आहे.

मराठी वाचकाला या ठिकाणी जयंत पवार यांचे ‘अधांतर’ (१९९७) आठवल्यावाचून राहणार नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या मुंबईच्या गिरणी-संपानंतर सुमारे अडीच लाख कामगारांच्या आयुष्यांचे जे झाले, ते या नाटकाने एका कुटुंबाच्या खोलीत आणून ठेवले. तेथे कोणी पाहुणा कॅमेरा घेऊन येत नाही. माणसे एकमेकांशी भांडतात, खोटे बोलतात, एकमेकांना दुखावतात. ती कोणाच्या दयेची सामग्री होत नाहीत. आतून लिहिलेल्या वाङ्मयाचे हे बळ आहे. उलट त्या खोलीतून जगाच्या बाजारपेठेपर्यंतचा लांब धागा दिसत नाही. तो पाहण्यास या अनुबोधपटांसारखी बाहेरची, हिंडती नजर लागते.

या दोन्ही नजरा एकत्र आणणारी कृती आपल्याकडे व्हावयाची आहे. भिवंडी-इचलकरंजीचे यंत्रमाग आणि सोलापूरचे टॉवेल याच साखळीचे दुवे आहेत. तेथे राबणाऱ्यांपैकी कोणी लिहील तेव्हा त्याच्या लेखनात हिशेब, धूळ, विनोद आणि संताप एकत्र नांदावेत, अशी आमची अपेक्षा आहे. तोवर वाचकांनी हे तीन अनुबोधपट अवश्य पाहावेत, आणि पाहताना क्रम असा ठेवावा : प्रथम ‘द ट्रू कॉस्ट’, मग ‘अनरॅव्हल’, शेवटी ‘मशीन्स’. पहिला आपल्याला हळहळायला लावतो. दुसऱ्यात त्या हळहळीलाच कोणी हसते. आणि तिसरा विचारतो, पुढे काय? कापड टिकाऊ आहे का, हे विचारण्याचा हक्क गिऱ्हाइकाला आहेच. ते विणणारा, शिवणारा आणि फाडणारा माणूस टिकतो का, हे विचारल्यावाचून मात्र त्या हक्काला काही अर्थ राहत नाही.